क्रॅकन, कैलास आणि खोली

लेणी ते पडदा : भाग ७

मागच्या भागात आपण फाळक्यांच्या 'लंकादहन'पाशी थांबलो होतो. १९१७ सालचा चित्रपट. राम अण्णा साळुंके आणि सीताही अण्णा साळुंकेच. तो भाग वाचून एका जुन्या स्नेह्यांनी मला गुलमंडीवर गाठलं. म्हणाले, "फाळक्यांचं समजलं हो. पण आता ग्रीक देवांवर लिहिणार म्हणता. त्यांचं आपल्या गावात काय काम?" चहा संपला तरी मला धड उत्तर देता आलं नाही. ते आज देतो.

२०१० च्या एप्रिलमध्ये 'क्लॅश ऑफ द टायटन्स' आला. शहर तेव्हा औरंगाबाद होतं आणि ऊन आजच्यासारखंच होतं. मी तो पाहिला हिंदीत. झ्यूसच्या वेषातला लियाम नीसन आपल्या टीव्हीवरच्या पौराणिक मालिकांतल्या देवांसारखं घनगंभीर हिंदी बोलत होता. चारेक महिन्यांपूर्वीच 'अवतार' येऊन गेला होता, त्यामुळे थ्रीडी चष्मा डोळ्यांवर चढवताना छातीत जरा धडधडलंच. आणि पडद्यावर काय, तर माणसं एकामागे एक उभी केलेली, पण प्रत्येक माणूस स्वतः सपाट. गणपतीच्या देखाव्यात पुठ्ठ्याचे मावळे कापून उभे करतात ना, अगदी तसं. मधेच मी चष्मा काढून पाहिला. बऱ्याच ठिकाणी चित्र चष्म्याशिवायही बऱ्यापैकी स्वच्छ दिसत होतं! शेजारच्या काकांनी माझं पाहून आपलाही काढला आणि तो नातवाच्या खिशात ठेवून दिला.

हे असं का झालं, त्याची गोष्ट मुंबईतून जाते. पण आधी मूळ गोष्ट, कारण ती सिनेमापेक्षा सरस आहे.

आर्गोसचा राजा अक्रिसियस. तुझ्या मुलीचा मुलगा तुला मारणार, असं त्याला भविष्य कळतं. कंसाची आठवण आली ना? हाही तेच करतो, मुलीला, दानाएला, कोंडून घालतो. झ्यूस तिच्याकडे सोन्याच्या पावसाच्या रूपात येतो आणि पर्सियस जन्मतो. मग माय-लेकरांना पेटीत घालून समुद्रात सोडतात. इथे आपल्याला कर्णाची पेटी आठवते. फरक इतकाच की या पेटीत आईसुद्धा आहे. पेटी एका बेटाला लागते, कोळी ती काढतो, पोर वाढतं. पुढे त्याला मेड्यूसाचं डोकं आणायला पाठवतात. तिच्या डोक्यावर केसांच्या जागी साप, आणि तिच्याकडे बघणारा दगड होतो. पर्सियस ढालीतल्या प्रतिबिंबात बघून वार करतो. पाण्यात पाहून मत्स्यवेध करणाऱ्या अर्जुनाच्या देशात ही युक्ती कुणाला समजावून सांगावी लागत नाही. परतीच्या वाटेवर अँड्रोमेडा भेटते, खडकाला साखळदंडांनी बांधलेली. आईने मुलीच्या रूपाची फुशारकी मारली म्हणून समुद्रदेव पोसायडनने राक्षसी जलचर पाठवलाय, त्याचा हा बळी. पर्सियस तिला सोडवतो. आणि सगळं सुखाने पार पडल्यावर, कधीतरी खेळांच्या मैदानात त्याने फेकलेली थाळी नेमकी एका म्हाताऱ्याला लागते. तो म्हातारा म्हणजे अक्रिसियस.

सिनेमाने यात मनसोक्त ढवळाढवळ केली. क्रॅकन मुळात ग्रीक नाहीच, तो नॉर्वेकडच्या दर्यावर्दींच्या गोष्टींतला. पंखांचा घोडा पेगॅसस पर्सियसच्या बुडाखाली आणून बसवला. खरं तर त्यावर मांड ठोकली ती बेलेरोफॉनने, पर्सियसकडे होत्या पंखांच्या चपला. नावात टायटन्स आहेत, पण लढायला एकही येत नाही. हे सगळं मी माफ करीन. पुराणं अशीच वाढतात, आपल्या कीर्तनकारांनीही वाढवलीच की. पण अक्रिसियसला आजोबाऐवजी दानाएचा नवरा करून, विद्रूप खलनायक बनवून तलवारीने मारलं, हे मात्र जिव्हारी लागलं. ती थाळी म्हणजे सगळ्या गोष्टीचा काटा, तोच काढून टाकला.

आता 'आपल्या गावात काय काम' याबद्दल. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने तांबड्या समुद्रापासून भारतापर्यंतच्या बंदरांची माहिती लिहून ठेवली. ती 'पेरिप्लस' म्हणून ओळखली जाते. तीत पैठण आहे. भरुचहून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर, आणि तिथून गाड्या भरभरून अकीकाच्या जातीचे दगड बंदराकडे येतात, असं तो सांगतो. पैठण आपल्यापासून पन्नास-पंचावन्न किलोमीटर. दगड तिकडे गेले, तसं काय काय इकडे आलं. कोल्हापुरात पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडात १९४० च्या दशकात काशाच्या वस्तूंचा साठा सापडला. त्यात वीतभरही उंच नसलेली एक मूर्ती आहे, चक्क पोसायडनची. त्याच साठ्यात एक गोल नक्षीची तबकडी आहे आणि तिच्यावरची जोडी पर्सियस-अँड्रोमेडाची असल्याचं अभ्यासकांनी ओळखलंय. कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात जा आणि मूर्तीसमोर उभे राहा. हॉलिवूडच्या आधी अठराएकशे वर्षं ही मंडळी सह्याद्री चढून आली होती.

तर, पुठ्ठ्याचे मावळे.

थ्रीडीचं तत्त्व साधं आहे. नाकासमोर बोट धरा आणि एकेक डोळा मिटून बघा. बोट जागेवरून उडी मारतं. दोन डोळ्यांत सहा-साडेसहा सेंटिमीटरचं अंतर, म्हणून दोन चित्रं जराशी वेगळी, आणि त्या फरकावरून मेंदू खोली ताडतो. नीट थ्रीडी करायचं तर दोन कॅमेरे शेजारी ठेवून दोन चित्रं घ्यायची. 'अवतार'मधली माणसं तशीच टिपली होती. 'क्लॅश' मात्र एकाच कॅमेऱ्याने, साध्या पद्धतीने चित्रित झालेला. 'अवतार'चा गल्ला बघून तो थ्रीडी करायचं ठरलं ते चित्रीकरण आटोपल्यावर. म्हणजे दुसऱ्या डोळ्याचं चित्र मागाहून बनवायचं. आणि हातात वेळ होता दहाएक आठवडे.

हे काम केलं प्राइम फोकसने. नमित मल्होत्रा यांनी १९९७ मध्ये मुंबईत सुरू केलेली ही कंपनी.

काम कसं चालतं ते मला भाच्याने समजावलं. तो सिडको एन-६ चा पोरगा, बारावीनंतर ॲनिमेशनचा कोर्स करून मुंबईला गेला आणि अशाच एका ठिकाणी 'रोटो'ला लागला. या चित्रपटावर तो नव्हता, तेव्हा तो शाळेत होता. रोटो म्हणजे पडद्यावरच्या प्रत्येक माणसाची, तलवारीची, झुडपाची कडा माउसने आखायची, फ्रेममागून फ्रेम. सेकंदाला चोवीस फ्रेम. 'क्लॅश' १०६ मिनिटांचा, म्हणजे दीड लाखाहून जास्त फ्रेम. कडा आखून झाल्या की प्रत्येक तुकडा किती पुढे, किती मागे ते ठरवायचं, त्याला म्हणतात 'डेप्थ'. तुकडा सरकवला की त्याच्या मागे भोक पडतं, कारण तिथे काय होतं ते कॅमेऱ्याने पाहिलेलंच नाही. ते भोक रंगवून बुजवायचं, ते 'पेंट'.

"सगळ्यात वैताग कशाचा?" मी विचारलं.

"केसांचा, मामा. वाऱ्यावर उडणारे केस. एका शॉटला आठ-आठ दिवस जातात."

मला मेड्यूसाची कीव आली. नाही, तिच्या कडा आखणाऱ्याची.

आता वेळ कमी पडला की काय होतं? बाहेरची कडा आखली जाते, पण चेहऱ्याच्या आतले चढउतार, नाक पुढे, कान मागे, ते नीट भरायला सवड राहत नाही. माणूस पुढे येतो, पण पुठ्ठ्यासारखा. दिग्दर्शक लुई लेटेरिए यांनी पुढे या घाईबद्दल उघड नाराजी बोलून दाखवली. माझ्या मते दोष कडा आखणाऱ्या हातांचा नाही. खोली ही मागाहून ओतायची वस्तू आहे, असं ज्यांना वाटलं त्यांचा आहे.

याच नावाचा १९८१ चा चित्रपट पाहिलात तर फरक कळेल. त्यातली भुतावळ रे हॅरीहाउसेन यांची. धातूच्या सांध्यांचा सांगाडा, वरून रबर, आणि ते बाहुलं प्रत्येक फ्रेमसाठी केसभर हलवायचं. त्यांच्या १९६३ च्या 'जेसन अँड द आर्गोनॉट्स'मध्ये तीन माणसं आणि सात सांगाडे तलवारींनी भिडतात. काही मिनिटांच्या त्या मारामारीला साडेचार महिने लागले होते. हालचाल आज जरा अडखळती वाटते. पण त्या मेड्यूसाला वजन आहे. ती खरोखरच टेबलावर उभी होती, तिच्यावर खरा उजेड पडला होता, तिच्या मागे खरा अंधार होता.

टेबलावरून वेरूळला येऊ. शहरापासून तीसेक किलोमीटर, मंगळवारी बंद, हे ध्यानात ठेवा. कैलास, सोळावं लेणं. आठवं शतक, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण. खडकात उतरवलेला २७६ फूट लांब आणि १५४ फूट रुंद खड्डा; मागची भिंत १०७ फूट. आपल्याकडची दंतकथा अशी: राणीने शिखर दिसेपर्यंत अन्न न घेण्याचं व्रत धरलं, सगळे कारागीर हात टेकून बसले, आणि पैठणचा कोकस पुढे आला. त्याने वरून सुरुवात केली आणि आठवड्यात शिखर दाखवलं. कृष्ण याज्ञवल्कीच्या 'कथाकल्पतरू'तली ही गोष्ट. इतिहास म्हणून तिला फार किंमत नसेल, पण कोकसाची अक्कल खरी आहे. काम वरून खालीच झालेलं आहे. दगड काढता येतो, परत लावता येत नाही. हत्तीची सोंड कुठे येणार ते छिन्नी शिखरावर असतानाच ठरलेलं हवं.

दक्षिणेच्या बाजूला जा. मंडपाखाली रावण कैलास हलवतोय. बहुतेक लोक इथे फोटो काढून पुढे जातात. दहा मिनिटं थांबा. वर शिव-पार्वती बसलेले. पार्वती त्याच्या हाताला बिलगलेली, मागे एक दासी घाबरून पळत सुटलेली. शिव निवांत, फक्त पाय दाबतोय. आणि खाली कोनाड्यात रावण. वरची मंडळी भिंतीतून थोडी पुढे आलेली, तर रावण जवळजवळ सुटा कोरलेला. त्याच्या डोक्यांमागे, हातांमागे दगड इतका आत काढलाय की तिथे दिवसाही अंधार साचतो. म्हणून तो खरोखर डोंगराच्या पोटात सापडल्यासारखा वाटतो.

आता मघाचा प्रयोग करा. एक डोळा मिटा, मग दुसरा. मग दोन पावलं डावीकडे सरका. रावणाचे हात सरकतात, मागच्या सावल्या उघडतात, झाकतात. एकेक हात सुटा होतो. चष्मा लागत नाही. मी भाच्याला दिवाळीत तिथे नेलं तेव्हा तो बराच वेळ गप्प होता. मग रावणाच्या हातांमागच्या अंधाराकडे बोट दाखवून म्हणाला, "मामा, ह्यानं मागचं पेंटसुद्धा आधीच करून ठेवलंय."

पुढच्या आठवड्यात कन्नडच्या पुढे, पितळखोऱ्याला. तिथल्या चौथ्या लेण्याच्या दाराशी पाच फण्यांचा नाग आहे, आणि त्याच्या फण्यांतून पाणी उडावं म्हणून मागे दगडातून वाट काढलेली आहे. बूट चांगले घाला, पायऱ्या पुष्कळ आहेत.