मेंगे आणि सत्तरचं दशक

१० एप्रिल २०२४ ला जर्मन टीव्ही-लेखक वोल्फगांग मेंगे यांची जन्मशताब्दी झाली. जर्मनीतच वाढलेल्या नातीला नाव सांगितलं, तर म्हणाली, "तो मिशीवाला, बायकोवर खेकसणारा आल्फ्रेड? थर्टीफर्स्टला लागतो तो?" फार लागलं मनाला.

टोकियो-हाँगकाँगची वार्ताहरकी, 'श्टालनेट्झ' ही पोलिसी मालिका, सिनेमाच्या पटकथा हे सगळं आधीचं. माझा जीव अडकला तो सत्तरच्या दशकात. तेव्हा मी रूर भागातल्या एका पोलाद कारखान्यात होतो.

१८ ऑक्टोबर १९७० ला टीव्हीवर मेंगेंनी लिहिलेलं 'दास मिलियोनेनश्पील' लागलं. एक माणूस जीव घेऊन पळतोय, मागे भाडोत्री मारेकरी. वाचला तर दहा लाख मार्क. निवेदक खराखुरा, डीटर थॉमस हेक. मध्येमध्ये खोट्या जाहिराती. लोकांना कार्यक्रम खरा वाटला, काहींनी तर स्पर्धक म्हणून अर्जही धाडले! पुढे हक्कांच्या वादात तो २००२ पर्यंत पुन्हा दिसलाच नाही.

मग मेंगेंचाच १९७३ चा 'स्मॉग', दिग्दर्शक वोल्फगांग पीटरसन. बातम्यांच्या थाटात रूरवर विषारी धुरकं उतरतं. आमच्याकडे दोरीवरची चादर संध्याकाळपर्यंत करडी व्हायची, त्यामुळे आम्हाला ते नाटक वाटलंच नाही. जानेवारी १९७९ मध्ये तिथे खरा धुरक्याचा इशारा दिला गेला.

'स्मॉग'च्याच वर्षी, १९७३ मध्ये, मेंगेंच्या मालिकेतून आल्फ्रेड टेट्झलाफ आला. परदेशी कामगार, समाजवादी, स्वतःची बायको, सगळ्यांना शिव्या. दुसऱ्या दिवशी कॅन्टीनमध्ये त्याचीच वाक्यं माझ्या तुर्की सोबत्याच्या तोंडावर फेकली जायची. तो मान खाली घालून सूप प्यायचा. मेंगेंनीच असल्या माणसांना जीभ दिली, असं तेव्हा पुष्कळ जण म्हणत. मला ते पटलं नाही, आजही पटत नाही. ती जीभ आधीपासून होती, कॅन्टीनमध्येच होती. मेंगेंनी तिला चारचौघांत बोलायला लावलं आणि बोलणाऱ्याचं खुजेपण उघडं पाडलं. हाइन्त्स शूबर्टने साकारलेला आल्फ्रेड घरातल्या वादातही धड जिंकत नाही, हे हसणाऱ्यांनी पाहिलं नाही, हा लेखकाचा गुन्हा कसा?

त्यांची १९९३ ची 'मोट्स्की' ही मालिका मला तितकी भिडली नाही. २०१२ मध्ये मेंगे गेले.

आता दर वर्षअखेरीला आल्फ्रेडचा तोच नववर्षाचा भाग लागतो, १९७३ चा. माणसं पंच पितात, हसतात. 'स्मॉग' मात्र त्या रात्री कुणी लावत नाही.