उचल कोणाची, फेड कोणाची ?

दसरा-दिवाळी उरकली कीं बीड जिल्ह्यांतील कोरडवाहू गांवें ओस पडूं लागतात. दाराला कुलूप लावून, भांडींकुंडीं व मुलेंबाळें बरोबर घेऊन हजारों कुटुंबें ऊसतोडणीसाठीं पश्चिम महाराष्ट्राकडे व कर्नाटकाकडे निघतात, तीं पांच-सहा महिन्यांनीं परततात. साखर विकणाऱ्या व विकत घेणाऱ्या प्रत्येक गृहस्थानें या प्रवासाचा हिशेब एकदां मांडून पाहावा.

हिशेबाचें पहिलें कलम 'उचल' हें होय. घरांत दाणा नसतांना मुकादम आगाऊ रक्कम हातीं ठेवतो. ती मिळते 'कोयत्यास', म्हणजे नवराबायकोच्या जोडीस. आणि फेडावयाची असते तोडणीच्या श्रमानें. व्यवहार मोठ्यांचा, पण फेडींत मुलेंही ओढलीं जातात. मुलगी तान्हें भावंड सांभाळते, पाणी आणते. मुलगा वाढें गोळा करतो, मोळ्या बांधूं लागतो. नांव हजेरीपटावर आणि हात फडांत, अशी त्यांची स्थिति होते. शिवाय कोयत्यास जोडी हवी, म्हणून कित्येक मुलींचीं लग्नें अठरा वर्षें पुरीं होण्यापूर्वींच लावलीं जातात.

कोणी म्हणेल, आईबापच मुलांस नेतात, त्यांत इतरांचा दोष कोणता ? परंतु मागें सांभाळणारें कोणी नाहीं आणि उचल फिटली नाहीं तर पुढचा हंगामही गहाण पडतो. ज्यास नाहीं म्हणण्याची सोय नाहीं, त्याची संमति ही संमतिच नव्हे.

कायद्यांची वाण नाहीं. मुलांचे श्रम गहाण टाकण्याचे करार १९३३ सालींच रद्दबातल ठरले होते. राज्यघटनेच्या २३ व्या कलमानें माणसांचा व्यापार व वेठबिगार निषिद्ध केली. १९७६ च्या कायद्यानें वेठबिगारीचें कर्ज फेडण्याचें बंधनच तोडलें. २००९ च्या कायद्यानें सहा ते चौदा वर्षांच्या मुलांस शिक्षणाचा हक्क दिला. तथापि उचलीचा करार बहुधा तोंडी, आणि मजूर मुकादमाचा असें म्हणून कारखाना मोकळा ! कायद्यानें हात घालावा तरी कोठें ?

म्हणून आमचें म्हणणें इतकेंच कीं, प्रत्येक उचलीची लेखी नोंद व्हावी व तिची जबाबदारी कारखान्यानें पत्करावी. गांवोगांवचीं हंगामी वसतिगृहें गाड्या निघण्यापूर्वीं उघडावींत, नंतर नव्हे. व्यापाऱ्यांनीं भाव विचारतांना फडांतील मुलांचीही चौकशी करावी. राबणारें मूल दृष्टीस पडल्यास १०९८ या क्रमांकावर कळविणें हें तर प्रत्येकाचें कर्तव्य आहे.

चोख व्यापारी दुसऱ्याचें देणें तिसऱ्याच्या खात्यावर मांडीत नाहीं. मग बापाची उचल लेकराच्या नांवें कां मांडावी ?