भिंतीपलीकडचा ठोका

संगमनेरमध्ये विसर्जन मिरवणूक दोन गल्ल्या पलीकडे असली, तर डीजेवरच्या गाण्याचे शब्द कळत नाहीत. पण खिडकीच्या काचा थरथरतात, मांडणीवरची स्टीलची भांडी किणकिणतात. हे काम कमी वारंवारितेच्या ध्वनीचे.

हवेत ध्वनी सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. त्यामुळे ५० हर्ट्झच्या ठोक्याची तरंगलांबी जवळपास ७ मीटर भरते, तर ५,००० हर्ट्झच्या स्वराची अवघी ७ सेंटिमीटर. आखूड लहरी भिंतीशी बऱ्याच अडतात. लांब लहरी कोपऱ्यांना वळसा घालतात, भिंतीतूनही आत शिरतात आणि हवेत कमी शोषल्या जात असल्याने दूरवर पोहोचतात.

आपला कान मात्र अशा आवाजाला कमी संवेदनशील असतो. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेच्या फ्लेचर आणि मन्सन यांनी १९३३ मध्ये याचे आलेख मांडले. त्याच धर्तीवर ध्वनिमापकाचे ‘ए’ मापन ठरले. त्यात ५० हर्ट्झच्या आवाजातून सुमारे ३० डेसिबल वजा होतात.

भारताच्या २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांतली मर्यादा याच मापात आहे: निवासी भागात दिवसा ५५, रात्री ४५ डेसिबल. म्हणूनच काचा हादरवणारा ठोका आकड्यात सौम्य दिसू शकतो. ‘सी’ मापनात ही वजावट जेमतेम १ डेसिबलची असते. मिरवणुकीच्या मार्गावर दोन्ही मापे नोंदवायलाच हवीत. घरातल्या आजारी माणसाला आणि तान्ह्या बाळाला होणारा त्रास तेव्हाच कागदावर उतरेल.