तारण कच्चं, सही पक्की

१९६९ च्या जुलैत चौदा बँका सरकारच्या झाल्या आणि त्यांचा शाखाधिकारी कायद्याच्या लेखी लोकसेवक ठरला. तोवर कर्ज बुडालं की फार तर नोकरीवर गदा यायची. आता सीबीआयही दारात येऊ शकत होती.

मात्र त्याच्या हाताखालचं तारण होतं तसंच राहिलं. की-लोनमध्ये गोदामाला बँकेचं कुलूप तरी असे. हायपोथिकेशनमध्ये माल कर्जदाराच्याच ताब्यात. साहेबांनी महिन्याकाठी जायचं, थप्प्या मोजायच्या, स्टॉक स्टेटमेंटवर सही करायची. मागच्या थप्पीत काय भरलंय, हे पोती फोडल्याशिवाय कुणाला कळणार? शेतीकर्जात सातबाराच्या 'इतर हक्कां'त बोजा चढवायचा राहिला, किंवा तीन वर्षांच्या आत कबुलीपत्र न घेतल्यानं कागद मुदतबाह्य झाले, तर चार्जशीटमध्ये पहिला मुद्दा तोच.

खातेनिहाय चौकशीचा दंडक सर्वोच्च न्यायालयानं १९९६ मध्ये निकुंज बिहारी पटनाईक खटल्यात घालून दिला. सेंट्रल बँकेच्या या अधिकाऱ्यानं अधिकारमर्यादा ओलांडून ओव्हरड्राफ्ट दिले होते. बँकेचं नुकसान झालंच नाही, हा बचाव उच्च न्यायालयात चालला, सर्वोच्च न्यायालयात नाही. मर्यादा ओलांडणं हेच गैरवर्तन, तोटा दाखवायची गरज नाही. कठोर निकाल, पण मला तो बरोबर वाटतो. पैसे परत आले की नियम मोडल्याचं माफ, असं चालू झालं तर बँक जुगारअड्डा होईल.

फौजदारी कायद्याचं मात्र बिनसलं होतं. १९८८ च्या भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात, लोकहित नसताना दुसऱ्याला आर्थिक फायदा मिळवून देणं हाच गुन्हा होता. साहेबानं लाच घेतली का, हा प्रश्न त्या पोटकलमाला पडतच नव्हता. बुडालेल्या प्रत्येक कर्जात कुणाचा तरी फायदा झालेलाच असतो. म्हणजे चुकलेला अंदाज आणि संगनमत एकाच मापानं मोजायची सोय झाली.

बरं, तारण तपासणारे साहेब एकटे नसतात. सर्च रिपोर्ट पॅनेलवरचा वकील देतो, किंमत व्हॅल्युअर ठरवतो. हैदराबादच्या एका गृहकर्ज प्रकरणात शाखाधिकाऱ्याबरोबर वकिलालाही आरोपी केलं होतं. २०१२ मध्ये के. नारायण राव खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं त्या वकिलाला मोकळं केलं: चुकीचं मत हा फार तर निष्काळजीपणा, कटातला सहभाग दाखवा. रास्तच आहे. पण त्याच अहवालावर विसंबून मंजुरीची सही करणाऱ्याला हे माप तितक्या सहज लागलं नाही.

खासगी बँकांचे लोक बरीच वर्षं भ्रष्टाचार कायद्याच्या कक्षेबाहेर असल्याचं मानलं जाई. ग्लोबल ट्रस्ट बँकेच्या रमेश गेली प्रकरणात २०१६ मध्ये तोही समज संपला.

जून २०१८ मध्ये पुणे पोलिसांनी डीएसके या बांधकाम समूहाच्या कर्जप्रकरणात थेट बँक ऑफ महाराष्ट्रच्या व्यवस्थापकीय संचालकांनाच अटक केली. पुढे पोलिसांनीच पुराव्याअभावी त्यांना वगळावं असा अहवाल न्यायालयात दिला. तोवर कर्ज मंजूर करायच्या टेबलांवरचे हात गारठले होते. त्या अटकेनंतर पाचच आठवड्यांनी, २६ जुलैला, भ्रष्टाचार कायद्यातली दुरुस्ती लागू झाली. ते पोटकलम गेलं, आणि कामकाजातल्या निर्णयाची चौकशी सुरू करण्याआधी पूर्वपरवानगी घेणं कलम १७-अ नं आवश्यक केलं. या अटकेमुळे दुरुस्ती झाली असं मात्र नाही. विधेयक २०१३ पासून संसदेत पडून होतं.

एप्रिल २०२२ पासून थकणाऱ्या पन्नास कोटींपर्यंतच्या खात्यांसाठी सरकारी बँकांनी स्टाफ अकाउंटेबिलिटी, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या जबाबदारीची तपासणी, सहा महिन्यांत निकाली काढायची, असंही ठरलंय. त्यातून फसवणुकीची प्रकरणं वगळली आहेत. खात्यावर तो शिक्का मारायचा की नाही, हे शाखेत ठरत नाही. ते वरच्या कचेरीत ठरतं, आणि तोवर साहेबांची एकदोनदा बदली होऊन गेलेली असते.