पटकथेतले गदिमा

‘दो आँखें बारह हाथ’ची गाणी भरत व्यासांची. कथा मात्र एका मराठी कवीची आहे. ग. दि. माडगूळकर म्हटलं की आपल्याला ‘गीतरामायण’ आठवतं, पण व्ही. शांतारामांच्या १९५७ सालच्या या चित्रपटाला त्यांनी एकही गाणं दिलं नाही. दिली ती गोष्ट.

आणि ती गोष्ट त्यांच्या घरच्या वाटेवरची होती. गदिमांचा जन्म १९१९चा, सांगली जिल्ह्यातल्या शेटफळेचा. हा आटपाडीचा मुलूख तेव्हा औंध संस्थानात होता. १९३९मध्ये औंधच्या राजांनी मॉरिस फ्रिडमन या पोलिश इंजिनिअरच्या पुढाकाराने आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं. तिथे खुनाची शिक्षा झालेले कैदी भिंतीविना राहायचे, शेती करायचे. सिनेमात त्याचा एक जेलर आणि सहा खुनी झाले; जेलरचे दोन डोळे, कैद्यांचे बारा हात. पळून जायला निघालेल्यांना ते डोळे माघारी ओढून आणतात. नावातच अख्खी पटकथा! बर्लिनच्या महोत्सवात १९५८ साली या चित्रपटाला रौप्य अस्वल मिळालं.

कथा म्हणजे काय घडलं. पटकथा म्हणजे ते कुठल्या प्रसंगात, कुठल्या क्रमाने पडद्यावर दिसणार, हे ठरवणं. मॅट्रिकला गणितात अडलेल्या गदिमांनी हा हिशेब मात्र चोख जमवला. त्यांना तो शाळेत नव्हे, कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या कंपनीत उमजू लागला. तिथे ‘ब्रह्मचारी’त (१९३८) त्यांनी छोटी भूमिका केली. पुढे ‘रामजोशी’ने (१९४७) लेखक म्हणून त्यांचं नाव गाजवलं.

मग राजा परांजपे दिग्दर्शक, सुधीर फडके संगीतकार आणि लेखक गदिमा, असं त्रिकूट जमलं. १९५२ या एकाच वर्षी ‘लाखाची गोष्ट’ आणि ‘पेडगावचे शहाणे’ आले. पहिल्यात एक लाख रुपये ठरल्या मुदतीत उडवायचे असतात आणि तेच जमता जमत नाही. गरिबाच्या हाती पैसा टिकत नाही, हे प्रेक्षकाला घरचंच ठाऊक. इथे तो संपेना, म्हणून हशा.

त्याच सुमारास इंग्लंडमध्ये नायजेल नील बीबीसीच्या दूरचित्रवाणीसाठी ‘क्वाटरमास’ मालिका (१९५३) लिहीत होते. दोन वर्षांत तिचा सिनेमाही झाला. मराठी लेखकाला ती दुहेरी वाट नव्हती, कारण मुंबई दूरदर्शन सुरू झालं ते १९७२मध्ये. गदिमांकडे सिनेमा होता आणि आकाशवाणी. पुणे केंद्रावर १९५५पासून वर्षभर ‘गीतरामायण’ची छप्पन्न गीतं लिहितानाही चित्रपटांचं काम चालूच होतं. दीडशेहून अधिक मराठी चित्रपटांना कथा, पटकथा, संवाद किंवा गीतं देऊन १९७७ साली ते गेले.

‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) पाहताना त्यांच्यातला कवी आणि पटकथाकार वेगळा काढता येत नाही. पुन्हा तुरुंगच. नायक राजा परांजपे कैद्याच्या कपड्यांत हातमागावर बसला आहे. माग चालतोय, धागे ताणले जातायत, आणि त्या धाग्यांवरूनच गाणं सुरू होतं.