पृथ्वी जिवंत आहे का?

मित्रांनो, समजा तुम्हाला कुणी सांगितलं, 'मंगळावर जीव आहेत की नाहीत, ते शोधून काढा. पण एक अट आहे. मंगळावर जायचं नाही, तिथे यानही पाठवायचं नाही. इथे बसूनच उत्तर द्यायचं!' काय कराल?

तुम्ही म्हणाल, ही काय चेष्टा आहे! पण १९६५ साली एका शास्त्रज्ञाने हे कोडं खरोखरच सोडवलं होतं. त्यांचं नाव जेम्स लव्हलॉक. हे इंग्लंडचे गृहस्थ नवनवी उपकरणं बनवण्यात मोठे वाकबगार. हवेत एखाद्या रसायनाचा अगदी नावापुरता अंश असला तरी तो हुडकून काढणारं, तळहातावर मावेल एवढं यंत्र त्यांनी १९५७ साली बनवलं होतं. म्हणून अमेरिकेच्या 'नासा' या संस्थेने त्यांना बोलावलं. मंगळावर उतरून तिथली माती तपासणारी उपकरणं तेव्हा तयार होत होती. लव्हलॉक यांना प्रश्न पडला, की मंगळावरचे जीव आपल्यासारखेच असतील कशावरून? आपण दिलेला खाऊ ते खातील कशावरून? मातीपेक्षा मंगळाची हवाच का तपासू नये?

हवाच का, ते सांगतो. शेजारच्या घराचं दार बंद आहे, पण खिडकीतून फोडणीचा वास येतोय. आत कुणीतरी आहे, हे कळायला दार उघडावं लागतं का? नाही ना! जिथे जीव असतात, तिथे श्वास घेणं-सोडणं, खाणं-पिणं, कुजणं हे चालूच राहणार. आणि त्याचा 'वास' हवेत मिसळणारच.

आता आपली हवा पाहा. तिच्यात सुमारे ७८ टक्के नायट्रोजन, २१ टक्के ऑक्सिजन म्हणजे प्राणवायू आणि अगदी थोडा मिथेन असतो. मिथेन भातखाचरांतून, दलदलीतून, गाईम्हशींच्या पोटातून निघतो. पण ऑक्सिजन आणि मिथेन यांचं एकमेकांशी पटत नाही. एकत्र आले की मिथेन हळूहळू संपत जातो, साधारण दहा-बारा वर्षांत. तरीही दोन्ही वायू हवेत कायम आहेत. म्हणजे कुणीतरी ते सतत भरतंय. ते 'कुणीतरी' म्हणजे झाडं, शेवाळं, जिवाणू... थोडक्यात सगळी सजीवसृष्टी! उलट मंगळ आणि शुक्र यांची हवा ९५-९६ टक्के कार्बन डायऑक्साइडची. तिथे सगळं शांत. फोडणी नाही, वास नाही. मंगळ निर्जीव असणार, असं लव्हलॉक यांनी सांगून टाकलं. १९७६ साली 'व्हायकिंग' यानं मंगळावर उतरली, पण जीव असल्याचा पक्का पुरावा काही त्यांना मिळाला नाही.

पण या सगळ्यात लव्हलॉक यांना एक वेगळाच प्रश्न छळू लागला. आपली हवा इतकी चंचल, तर मग ती इतका काळ टिकली कशी? आणि हवेचंच कशाला, उष्णतेचंही तेच. सूर्य आज आहे तेवढा प्रखर पूर्वी नव्हता बरं का! साडेतीनशे-चारशे कोटी वर्षांपूर्वी तो आजच्यापेक्षा सुमारे पाव हिश्शाने मंद होता. म्हणजे तेव्हा समुद्र गोठायला हवे होते. पण ते बहुतेक काळ पाण्याचेच राहिले. सूर्य तापत गेला, तरी ते उकळूनही गेले नाहीत.

हे तुम्हाला ओळखीचं वाटतंय का? काखेत थर्मामीटर लावून बघा. मे महिन्यात नागपुरात असा की डिसेंबरात महाबळेश्वरला, पारा ३७ अंशांच्या आसपासच थांबेल. उकडलं की घाम येतो, गारठलं की अंग थरथरतं. आपण काही 'चला, आता घाम आणूया' असं ठरवत नाही. शरीर आपोआप स्वतःला सावरतं. लव्हलॉक म्हणाले, पृथ्वीचंही असंच काहीतरी असावं. जीव, हवा, पाणी आणि खडक मिळून एकच मोठी व्यवस्था बनते आणि ती स्वतःला सावरत राहते.

या कल्पनेला नाव हवं होतं. लव्हलॉक तेव्हा बॉवरचॉक नावाच्या खेड्यात राहत. त्यांचे शेजारी होते कादंबरीकार विल्यम गोल्डिंग. (त्यांना पुढे १९८३ साली साहित्याचं नोबेल मिळालं.) दोघे गावात फेरफटका मारत असताना गोल्डिंग म्हणाले, 'गाया' म्हणा. लव्हलॉक यांना ऐकू आलं 'गायर', म्हणजे भोवरा! समुद्रातल्या भोवऱ्यांवर दोघे बराच वेळ बोलत राहिले. मग उलगडा झाला, की गाया म्हणजे ग्रीक लोकांची भूदेवी. तेच नाव कायम झालं. पुढे अमेरिकेच्या सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ लिन मार्ग्युलिस या कामात त्यांच्याबरोबर आल्या. पृथ्वीच्या या कारभारात खरे कामगार कोण, तर डोळ्यांना न दिसणारे जिवाणू, हे त्यांनी पटवून दिलं.

नाव छान होतं, पण त्यानेच घोटाळा केला! देवीचं नाव ऐकून काहींना वाटलं, पृथ्वी ही खरोखरच लेकरांची काळजी घेणारी आई आहे. शास्त्रज्ञ मात्र वैतागले. १९८० नंतर काही जीवशास्त्रज्ञांनी सरळ विचारलं : झाडांची, जिवाणूंची सभा भरते का कुठे? पृथ्वीचं तापमान इतकंच ठेवायचं, असा ठराव पास होतो का? प्रत्येक जीव स्वतःपुरतं जगतो. मग सगळ्या पृथ्वीचं भलं होणार कसं?

प्रश्न बिनतोड होता. मला विचाराल, तर या गोष्टीतला सगळ्यात चांगला भाग इथे सुरू होतो. लव्हलॉक रागावून बसले नाहीत. अँड्र्यू वॉटसन या सहकाऱ्याबरोबर त्यांनी १९८३ साली संगणकावर एक खोटा ग्रह तयार केला. त्याचं नाव 'डेझीवर्ल्ड'. डेझी म्हणजे आपल्या शेवंतीच्या कुळातलं एक फूल. या ग्रहावर फक्त दोनच रंगांची डेझी उगवते, काळी आणि पांढरी. कोणतीच डेझी ५ अंशांखाली किंवा ४० अंशांवर जगत नाही. साधारण साडेबावीस अंशांना ती सगळ्यात जोमाने वाढते. बाकी ग्रहावर काही नाही.

आता डोळे मिटा आणि हा ग्रह मनात आणा. सुरुवातीला सूर्य मंद आहे, कडाक्याची थंडी आहे. काळी फुलं ऊन शोषून घेतात. (उन्हात काळा शर्ट घालून हिंडलात तर कळेल!) त्यामुळे त्यांच्या आजूबाजूला जरा ऊब येते आणि ती भराभर पसरतात. काळी फुलं वाढली, की सगळा ग्रहच उबदार होतो. तिकडे सूर्यही तापत चालला आहे. आता काळ्या फुलांना उकडू लागतं. पांढरी फुलं ऊन परत फेकतात, म्हणून ती गार राहतात आणि तीच जास्त फोफावतात. ग्रह पांढरा होऊ लागतो, आणि तेवढं जास्तीचं ऊन माघारी जातं. असं होत होत सूर्य तापत राहिला, तरी ग्रहाचं तापमान मात्र खूप काळ जवळजवळ तेवढंच राहतं!

बघा, कुणी सभा भरवली नाही, ठराव केला नाही. प्रत्येक फुलाने फक्त स्वतःपुरतं बघितलं. तरीही ग्रह सावरला गेला.

पण संगणकाने पुढचंही दाखवलं. सूर्य तापतच गेला, तर एक वेळ अशी येते की सगळा ग्रह पांढऱ्या फुलांनी भरूनही पुरत नाही. मग फुलं मरू लागतात. ती मेली की ऊन परत फेकणारं कुणी उरत नाही आणि तापमान एकदम उसळी मारतं. सावरणारी व्यवस्था हळूहळू थकत नाही, ती एका क्षणी कोसळते.

हे झालं खोट्या ग्रहाचं. खऱ्या पृथ्वीवर असं काही दिसतं का? दिसतं, आणि तेही आपल्या घराजवळ. पावसाच्या पाण्यात हवेतला कार्बन डायऑक्साइड थोडासा विरघळतो. सोडावॉटरमध्ये असतो ना, तोच. हे किंचित आंबट पाणी खडकावर पडलं, की खडक अगदी सावकाश झिजतो आणि तो वायू पाण्यात अडकून पडतो. नद्या ते पाणी समुद्रात नेतात. तिथे शंख-शिंपले, पोवळी आणि सूक्ष्म जीव त्यापासून आपली कवचं बनवतात. ते मेले की कवचं तळाशी साचतात आणि त्यांचा चुनखडक होतो. म्हणजे हवेतला वायू दगडात बंद! पृथ्वी तापली, की पाऊस आणि झीज वाढते, हा वायू कमी होतो आणि ती निवते. पृथ्वी गारठली, की झीज मंदावते, ज्वालामुखींतून आलेला वायू साठतो आणि ऊब परत येते. झाडांची मुळं, मातीतले जिवाणू आणि दगडफूलसुद्धा (हो हो, आईच्या गोड्या मसाल्यातलं!) खडक झिजवायला मदत करतात.

आपला सह्याद्रीचा काळा कातळ म्हणजे बेसाल्ट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी बाहेर पडलेल्या लाव्हारसाचा तो बनला आहे. हा खडक ग्रॅनाइटपेक्षा लवकर झिजतो. त्यामुळे या कामात दख्खनच्या पठाराचा वाटा चांगलाच मोठा आहे.

म्हणजे पृथ्वी आपली काळजी घेते, मग कशाला चिंता? थांबा, थांबा! एक तर ही व्यवस्था कधीकधी साफ चुकली आहे. सुमारे २४० कोटी वर्षांपूर्वी नीलहरित जिवाणूंनी हवेत ऑक्सिजन भरला. तेव्हाच्या कितीतरी जिवांना तो विषासारखा होता. ६५-७० कोटी वर्षांपूर्वी तर पृथ्वी जवळजवळ सगळी गोठली होती. ती सावरली खरी, पण त्याला कोट्यवधी वर्षं लागली.

दुसरं म्हणजे, खुद्द लव्हलॉकही चुकले होते. १९७१-७२ साली अंटार्क्टिकाकडे निघालेल्या जहाजातून त्यांनी प्रवास केला. फ्रीज आणि फवाऱ्याच्या डब्यांतला सीएफसी नावाचा वायू त्यांना भर समुद्रावरच्या हवेतही सापडला. त्याचं प्रमाण इतकं कमी होतं, की यापासून काही धोका नाही, असं त्यांनी लिहून टाकलं. पुढच्याच काही काळात, १९७४ साली, मोलिना आणि रोलंड या शास्त्रज्ञांनी दाखवलं, की हाच वायू आकाशातलं ओझोनचं छत्र खातो. लव्हलॉक यांना ते वाक्य पुढे मागे घ्यावं लागलं. १९८७ साली माँट्रियलला देशोदेशींचा करार झाला, सीएफसी बंद होत गेला आणि ओझोन आता हळूहळू भरून येतो आहे. कारखाने माणसांनी बंद केले म्हणून, नुसती वाट बघून नव्हे.

कार्बन डायऑक्साइडचं गणित अजून सुटलेलं नाही. कारखानदारी सुरू होण्यापूर्वी हवेच्या दहा लाख भागांत तो २८० भाग होता. १९५८ साली ३१५ झाला, आणि २०२४ साली ४२० च्या वर गेला. आपण सोडतो त्यातला निम्मा वायू समुद्र आणि झाडं आजही मुकाट्याने शोषून घेतात. उरलेला हवेत राहतो. त्याचा दगड व्हायला लाखो वर्षं लागतात. पृथ्वीला ती परवडतील. तुमच्या-आमच्या पाच पिढ्यांना कशी परवडणार?

लव्हलॉक २०२२ साली गेले, नेमके आपल्या १०३ व्या वाढदिवशी. पृथ्वीला 'जिवंत' म्हणावं की नाही, यावर शास्त्रज्ञांचा वाद अजून चालू आहे. पण जीव, हवा आणि खडक यांचा अभ्यास एकत्र करायला हवा, हे आता बहुतेकांना पटलं आहे.

पुढच्या सुट्टीत एसटीने घाट चढताना रस्त्याच्या कडेची दरड नीट पाहा. गोल गोल धोंडे दिसतील, कांद्यासारखे पापुद्रे सुटलेले. बोटाने पापुद्रा खरवडला तर हातात मुरूम येईल. पृथ्वीचं तापमान सांभाळायचं काम तिथे चालू आहे. बाबांना एसटी थांबवायला सांगू नका, थांबत नाही ती!