मूळ फाइल

उलव्यात खाडीकडच्या रस्त्याला रविवारी सकाळी जाऊन पाहा. हातभर लांब लेन्सा लावून पाणपक्ष्यांची वाट पाहणारी मंडळी दिसतील. त्यांच्याकडे पाठ करून आमच्या सोसायटीतले एक निवृत्त काका मोबाइलवर भलतंच काही टिपत असतात: रात्रीतून कांदळवनात कुणी तरी ओतलेला राडारोडा. फोटोच्या खालच्या कोपऱ्यात तारीख, वेळ, अक्षांश, रेखांश. घरी आल्यावर तो फोटो तक्रारीला जोडायचा, हा त्यांचा रविवारचा नेम. फोटोकलेच्या आढाव्यात काकांना जागा मिळत नाही. या लेखाचा धागा मात्र त्यांच्याच मोबाइलमधून निघतो.

त्या मोबाइलच्या पूर्वजाचं, म्हणजे डिजिटल कॅमेऱ्याचं, बारसं फार देखणं नव्हतं. १९७५ च्या डिसेंबरात कोडॅकच्या स्टीव्हन सॅसन या तरुण इंजिनिअरने साडेतीन किलोंहून जड असं एक खोकं तयार केलं. शंभर गुणिले शंभर ठिपक्यांचं काळंपांढरं चित्र. ते कॅसेटवर उतरायला २३ सेकंद. पुढची २४ वर्षं ओलांडून थेट निकॉनच्या डी-१ वर येऊ. १९९९ मधला हा कॅमेरा अडीच मेगापिक्सेलच्या थोडा वर. आज हसू येईल, पण वर्तमानपत्राच्या कागदाला तेवढं पुरत होतं. रघू रायसारखा फिल्मवर वाढलेला छायाचित्रकार २००३ मध्ये मुंबईतच एका कामावर असताना डिजिटलकडे वळला आणि पुन्हा फिल्मकडे गेला नाही. डार्करूममधले तास वाचले, ३६ फोटोंच्या रोलची धास्ती संपली. हे फायदे सगळेच सांगतात.

यापलीकडचं काही दाखवलं ते सेबॅस्टियन डिसूझा यांनी. ते तेव्हा 'मुंबई मिरर'चे छायाचित्र संपादक. कचेरी सीएसटीच्या समोरच. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री गोळीबार ऐकून ते कॅमेरा आणि दोन लेन्सा घेऊन स्टेशनात शिरले, उभ्या गाडीच्या डब्यात दडले आणि तिथून फोटो काढत राहिले. पाठीवर सॅक, हातात एके-४७ घेऊन चालणारा दहशतवादी अजमल कसाब जगाने पाहिला तो त्यांच्या फोटोत. फलाटावरच्या दिव्यांचा अपुरा उजेड, फ्लॅश वापरायची सोय नाही, समोर माणसं मरताहेत. अशा वेळी फिल्म असती तर तिची संवेदनशीलता आधीच ठरलेली असती आणि रोल संपला की बदलण्यात जीव गेला असता. इथे प्रत्येक फोटोला उजेडानुसार संवेदनशीलतेचा आकडा बदलता येत होता. हात स्थिर ठेवायचं काम मात्र कॅमेऱ्याचं नव्हे.

या फोटोंचं खरं काम पुढे सुरू झालं. आर्थर रोड तुरुंगातल्या विशेष न्यायालयात डिसूझांनी साक्ष दिली. 'टाइम्स'चे श्रीराम वेर्णेकर हे दुसरे छायाचित्रकार-साक्षीदार. डिसेंबर २००९ मध्ये कसाबने जबाब फिरवला. आपण सिनेमात काम करायला मुंबईत आलो होतो, पोलिसांनी हल्ल्याच्या आधीच धरलं, असं तो सांगू लागला. त्याच्या या कहाणीला ते फोटो आडवे आले. मे २०१० मध्ये फाशीची शिक्षा झाली, ऑगस्ट २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. डिसूझा त्याच वर्षी निवृत्त होऊन गोव्याला गेले.

त्यांच्या कारकिर्दीत आणखी एक फोटो आहे आणि तो सोडून पुढे जाणं अप्रामाणिकपणा ठरेल. २००२ मध्ये एएफपीसाठी त्यांनी अहमदाबादेत टिपलेला, कपाळाला भगवी पट्टी बांधून हात उंचावलेला तरुण. तो गुजरात दंगलीचा चेहरा झाला आणि तेवढाच उरला. त्याने प्रत्यक्ष काय केलं, काय नाही, हे त्या चौकटीत कुठेच नव्हतं. सीएसटीचा फोटो खटल्यात टिकला, कारण त्याच्या मागे काढणाऱ्याची साक्ष उभी होती. एकटा फोटो माणसाला दोषी ठरवू लागला की मला भीती वाटते.

न्यायालयांनाही ती वाटते. जालन्याच्या २०१४ च्या निवडणुकीत उमेदवारी अर्ज मुदतीत आला की नाही, याचा वाद निवडणूक अधिकाऱ्याच्या कचेरीतल्या व्हिडिओवर येऊन ठेपला. अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल. त्यात २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मूळ उपकरण हजर करता येत नसेल, तर इलेक्ट्रॉनिक पुराव्याला पुरावा कायद्याच्या कलम ६५-ब चं प्रमाणपत्र हवंच. १ जुलै २०२४ पासून त्या जागी भारतीय साक्ष अधिनियमाचं कलम ६३ आलं. आता प्रमाणपत्रात फाइलचा हॅश, म्हणजे तिच्या बोटांचा ठसाच, द्यावा लागतो.

पुन्हा उलव्यात येतो. नवी मुंबई विमानतळासाठी इथली सुमारे ९० मीटर उंच टेकडी सपाट झाली, नदीचा प्रवाह वळवला गेला, कोंबडभुजे, तरघर अशी गावं उठली. ८ ऑक्टोबर २०२५ ला विमानतळाचं उद्घाटन झालं. आज खारकोपर स्टेशनवर उतरणाऱ्या पोराला टेकडी कुठे होती, हे बोट दाखवून सांगावं लागतं.

तुमच्यापैकी कुणाच्या जुन्या मोबाइलमध्ये, सीडीत ती टेकडी असेलच. कधी सहलीच्या फोटोमागे, कधी लग्नाच्या वरातीमागे. ती मूळ फाइल जपून ठेवा, दोन ठिकाणी ठेवा. आणि कुणाला पाठवायची झाली तर व्हॉट्सअॅपवर फोटो म्हणून नको, डॉक्युमेंट म्हणून पाठवा. नाहीतर तारीख-वेळ वाटेतच पुसली जाते.